एक्स अक्षराचा श

आजीच्या जन्माची नोंद पोर्तुगीज भाषेत आहे, हे आम्हाला कळलं तेव्हा ती ऐंशीच्या पुढे गेली होती. तिचं माहेर गोव्यातल्या पेडण्याचं, सासर सावंतवाडीजवळच्या बांद्याचं. मधे अर्ध्या दिवसाची पायवाट आणि त्या वाटेवर कुठेतरी दोन राज्यांची हद्द. ती लग्न होऊन आली तेव्हा ती हद्द कुणाला फारशी जाणवत नव्हती. लोक भात, नारळ, मुली देत-घेत होते. पुढे 1955 च्या सुमारास भारताने गोव्याची नाकाबंदी कडक केली आणि तिच्या माहेरच्या वाटेवर खरोखरच कुंपण पडलं. "बापाशीचां शेवटचां तोंड बघूक मेळूक नाय," असं ती आयुष्यात एकदाच म्हणाली, तेही कांदा चिरताना, मान वर न करता.

जन्माचा तो दाखला मामेभावाने शोधून आणला. कारण अगदी व्यवहाराचं होतं. 19 डिसेंबर 1961 च्या आधी गोवा, दमण, दीवमध्ये जन्मलेल्या माणसांना पोर्तुगाल आजही नागरिकत्वाची दारं उघडी ठेवतो. लिस्बनच्या केंद्रीय नोंदणी कार्यालयात जन्म नोंदवला की मुलांना आणि पुढे नातवंडांनाही वाट मिळते. मामेभावाला युरोपात जायचं होतं. त्याने तो पिवळट, कडा झिजलेला कागद आजीसमोर धरला आणि तिरक्या टाकाच्या अक्षरावर बोट ठेवून तिचं नाव वाचून दाखवलं. पोर्तुगीजमध्ये आपला श लिहायला एक्स वापरतात. तिचं नाव एक्सने सुरू झालं होतं. आडनावाचाही चेहरा पार बदलला होता.

आजी बांद्यात साठ वर्षं काढून मालवणीच बोलायची. त्या दिवशी मात्र माहेरच्या कोकणीत म्हणाली, "हें म्हजें नांव न्हय."

मग तिने सही करायला पेन मागितलं.

त्या घटनेवर मी पुष्कळ वर्षं काही लिहू शकले नाही. आजी आधी खरं बोलली की नंतर, हे मला ठरवता येत नव्हतं. त्याच काळात एका कादंबरीकाराबद्दल वाचायला लागले. या कोड्याभोवती कुणीतरी आयुष्यभर फिरलं आहे, हे तिथे कळलं. त्याचं नाव ओर्लांदो द कोस्टा. आपल्याकडे त्याची ओळख सांगायची तर बहुधा मुलावरून सांगावी लागते: पोर्तुगालचे माजी पंतप्रधान आणि आताचे युरोपीय परिषदेचे अध्यक्ष अंतोनियो कोस्टा यांचे वडील. पण मला ते आधी भेटले ते 'ओ सिग्नु द इरा' या कादंबरीचे लेखक म्हणून. 'क्रोधाची खूण' असं त्या नावाचं मराठी करता येईल.

जन्म 1929 चा, मोझांबिकमधल्या लोरेन्सु मार्किश शहरातला. आज त्या शहराला मापुतो म्हणतात. वडील मडगावच्या एका कॅथलिक ब्राह्मण घराण्यातले. आई मोझांबिकमध्येच जन्मलेली, तिच्या घराण्यात पोर्तुगीज आणि फ्रेंच रक्त. मूल आफ्रिकेत जन्मलं, मडगावात वाढलं, कोकणी ऐकत पोर्तुगीज शिकलं आणि 1947 मध्ये, अठराव्या वर्षी, शिकायला लिस्बनला गेलं. तीन खंड, आणि तिन्ही ठिकाणी एकाच साम्राज्याचा झेंडा. अशा माणसाला 'तू कुठला?' असं विचारलं तर तो काय सांगेल, हा प्रश्न आपल्याला सुचतो. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याच्या राजवटीला तो प्रश्न पडतच नव्हता. तिच्याकडे उत्तर तयार होतं: तू पोर्तुगीज.

हे उत्तर कुठून आलं ते समजून घेतल्याशिवाय या लेखकाचं मोठेपण कळत नाही, म्हणून थोडं इथे थांबते.

दुसरं महायुद्ध संपल्यावर जगभरच्या वसाहती सुटायला लागल्या. पोर्तुगालने वेगळी युक्ती केली. 1951 मध्ये त्यांनी राज्यघटनेतून 'वसाहत' हा शब्दच काढून टाकला आणि गोवा, अंगोला, मोझांबिक हे 'सागरपार प्रांत' झाले. वसाहतच नसेल तर सोडायचं काय? त्याच वर्षी जिल्बेर्तु फ्रेयरी हा ब्राझीलचा नामांकित समाजशास्त्रज्ञ पोर्तुगीज सरकारचा पाहुणा होऊन या 'प्रांतां'च्या दौऱ्यावर निघाला. तो गोव्यातही आला, तिथे त्याने भाषण दिलं. त्याचा सिद्धांत असा की पोर्तुगीज माणूस इंग्रज-डचांसारखा नाही. त्याला वर्णाचा विटाळ नाही. तो उष्ण प्रदेशात जातो, तिथल्या बाईशी संसार करतो, तिथलं अन्न खातो, आणि त्यातून एक नवी, मिश्र, सलोख्याची संस्कृती जन्माला येते. सालाझारच्या हातात जणू आयतं कोलीत मिळालं. आम्ही राज्य करत नाही, आम्ही मिसळतो, असं तो जगाला सांगू लागला.

ब्राझीलमध्ये त्या विचाराला वेगळा अर्थ होता, हे मान्य. काळ्या-गोऱ्या रक्ताच्या सरमिसळीची लाज वाटणाऱ्या समाजाला फ्रेयरीने ती अभिमानाने मिरवायला शिकवलं. पण तोच विचार राज्यकर्त्याच्या तोंडी आला की त्याचं काय होतं, ते गोव्यात दिसलं. मिश्र माणूस हा राज्य न्याय्य असल्याचा पुरावा झाला.

आणि मौज अशी की गोव्यात तो पुरावा शोधावा लागत होता. 1510 मध्ये गोवा घेतल्यावर आफोन्सु द आल्बुकर्कने आपल्या शिपायांची लग्नं इथल्या बायकांशी लावून दिली होती, हे खरं. पण साडेचारशे वर्षांनंतर त्यांच्या वंशाची म्हणून ओळखली जाणारी कुटुंबं मूठभर उरली होती. गोव्यातले बहुसंख्य ख्रिस्ती म्हणजे धर्म बदललेले इथलेच लोक, आपापल्या जाती सांभाळून चर्चमध्ये जाणारे. 1955-56 मध्ये ओर्लांदो रिबेयरो नावाचा पोर्तुगीज भूगोलज्ञ सरकारच्याच सांगण्यावरून गोव्यात येऊन राहिला. परत गेल्यावर त्याने कळवलं की आपण पाहिलेल्या पोर्तुगीज मुलखांत गोवा सर्वांत कमी पोर्तुगीज आहे. पोर्तुगीज बोलणारे थोडे, रक्ताची सरमिसळ नगण्य. तो अहवाल सरकारने फडताळात ठेवला. छापून यायला 1999 उजाडलं.

आता या पार्श्वभूमीवर ओर्लांदो द कोस्टाकडे पाहा. बाप गोव्याचा, आई युरोपीय वंशाची, जन्म आफ्रिकेत, शिक्षण लिस्बनमध्ये, आणि लिहितो उत्तम पोर्तुगीज. सरकारी सिद्धांताला याहून चांगला नमुना कुठे मिळणार होता? त्याने नुसतं गप्प बसायचं होतं. सुंदर, मिश्र, मधाळ असं काहीतरी लिहायचं होतं. गिटार, फेणी, बाल्कांवात, म्हणजे घरापुढच्या ओसरीत, बसलेल्या मावश्या, पावसाळी संध्याकाळ. बक्षिसं आपोआप आली असती.

त्याने लिहिलं ते कुणब्यांवर.

'ओ सिग्नु द इरा' ही दक्षिण गोव्यातल्या सासष्टी तालुक्यातल्या ख्रिस्ती कुणब्यांची कादंबरी आहे. काळ दुसऱ्या महायुद्धाचा. पोर्तुगाल युद्धात तटस्थ होता, त्यामुळे कागदोपत्री गोव्यात शांतता. पण गोव्याला पोटापुरतं भात कधीच पिकत नव्हतं, तांदूळ ब्रह्मदेशातून येई. 1942 मध्ये जपानने ब्रह्मदेश घेतला आणि तटस्थ गोव्याच्या चुली थंडावल्या. ज्याच्याकडे साठा तो राजा. साठा असणार भाटकाराकडे, म्हणजे जमीनदाराकडे. कुणबी त्याचा मुंडकार, म्हणजे त्याच्या जमिनीवरच्या खोपटात राहणारा, त्याच्या शेतात राबणारा. 'उठ' म्हटलं की त्याला मुलाबाळांसकट उठावं लागे. मुंडकारांना घरातून हुसकावू नये असा कायदा गोव्यात व्हायला 1975 साल यावं लागलं. पोर्तुगीज जाऊन तेव्हा चौदा वर्षं होत होती.

भूक, भाटकार, आणि वर पोर्तुगीज सैनिकांची सावली. पाकले, हा तिथला शब्द. कुणब्याच्या मुलीकडे भाटकार कसा पाहतो आणि पाकलो कसा पाहतो, हे जेव्हा एका मिश्र वंशाच्या लेखकाच्या हातून लिहिलं जातं, तेव्हा फ्रेयरीच्या सिद्धांतातला तो गोड शब्द, 'मिसळणं', घशाखाली उतरत नाही. कोण कुणात मिसळलं? त्या मुलीला कुणी विचारलं होतं का? तिच्या घरात तांदूळ किती होता त्या आठवड्यात?

हे वाचताना मला हापूसची कलमं आठवली. उगाच नाही आठवली. हापूस हे नाव आफोन्सुचं, त्याच आल्बुकर्कचं, असं आपण ऐकत आलो आहोत. आंब्याची कलमं बांधण्याची पद्धत गोव्यात रुजवली पोर्तुगीजांच्या काळातल्या पाद्र्यांनी. आजोळी कलमं बांधताना मी पाहिलं आहे. कोयीतून उगवलेलं रायवळाचं कोवळं रोप घ्यायचं, त्याचा शेंडा उडवायचा, धारदार चाकूने खुंटाला चीर द्यायची, त्यात हापूसची काडी बसवायची आणि घट्ट गुंडाळायचं. जगलं तर झाड हापूसचं. मुळं सगळी रायवळाची, जमिनीतलं पाणी ओढणार रायवळ, वादळात धरून ठेवणार रायवळ, पण तो रायवळ कुठल्या झाडाच्या कोयीचा होता हे पुढे कुणीही विचारत नाही. खुंटाला नाव नसतं.

आल्बुकर्कच्या शिपायांच्या बायकांचं असंच झालं. त्यांचा बाप्तिस्मा झाला, त्यांना नवी नावं मिळाली आणि नोंदीत तीच राहिली. मूळची नावं गेली. आपल्या इतिहासात त्या मारिया आणि इझाबेल आहेत. घरी त्यांना काय म्हणत असतील? आजीच्या दाखल्यातला एक्स मला इथे पुन्हा दिसतो. तिच्या पाठीशी निदान 'हें म्हजें नांव न्हय' म्हणण्याइतकं आयुष्य होतं.

मिश्र वारशाबद्दल हल्ली बरंच हळवं लिहिलं जातं. दोन संस्कृतींचा पूल, दोन्हींकडचं उत्तम, वगैरे. मला ते वाचवत नाही. दोन घरांमधलं लग्न वेगळं आणि एक घर दुसऱ्याच्या दारात बंदूक घेऊन उभं असताना झालेली सरमिसळ वेगळी. ओर्लांदो द कोस्टाच्या आईवडिलांचं लग्न पहिल्या प्रकारातलं होतं. मुलगा मानाने वाढला. तरीही आपला जन्म सुरळीत झाला म्हणून सगळ्यांचे तसेच झाले, असं त्याने म्हटलं नाही. त्याच्यासाठी हे म्हणणं किती सोपं होतं! मला त्याच्याबद्दल आदर वाटतो तो इथे.

आणखी एक गोष्ट आहे, आणि ती आपल्याला जास्त टोचायला हवी. त्याचं वडिलांकडचं घराणं कॅथलिक ब्राह्मण. म्हणजे सासष्टीत भाटकारांचा जो थर, त्याच्याच शेजारचा. कादंबरीत दोषी ठरतो तो एकटा पाकलो असता तर लेखक सहज सुटला असता. पण परक्याच्या राज्याचं जू कुणब्याच्या मानेवर ठेवायला आपलेच हात पुढे होते आणि ते जू परक्याच्या आधीपासून तिथे होतं, हे त्याने लपवलं नाही. मिश्रपणा म्हटला की आपण रक्ताचा विचार करतो. या माणसात राज्यकर्त्याचा आणि रयतेचा अंश होता आणि रयतेतही पुन्हा वरच्या पायरीचा. तीन पायऱ्यांवर एकाच वेळी पाय ठेवून उभं राहिलेल्या माणसाला खालच्या पायरीचं लिहावंसं वाटलं. बाल्कांवातून पाहिलेला कुणबी आणि चिखलात उभा असलेला कुणबी यांत अंतर आहेच, आणि ते कादंबरीतही अधूनमधून जाणवतं. पण वरून पाहतो आहोत याची जाणीव त्याला आहे.

मडगावची एक तारीख मराठी माणसाच्या ओळखीची आहे: 18 जून 1946. डॉ. राममनोहर लोहिया मडगावात भाषणाला उभे राहिले, पोलिसांनी त्यांना पकडलं, आणि गोव्याच्या सत्याग्रहाला तोंड फुटलं. हा मुलगा तेव्हा मडगावात वाढत होता, सतरा पुरे व्हायला दोन आठवडे कमी. त्या दिवशी तो कुठे होता ते मी सांगू शकत नाही. पण ज्या गावात असं काही घडतं, तिथल्या जेवणाच्या टेबलावर आठ दिवस दुसरं काही बोललं जात नसणार. 1944 मध्ये त्रिस्ताव द ब्रागांझा कुन्या यांनी गोमंतकीयांचं राष्ट्रीयत्व कसं हिरावलं गेलं आहे यावर एक जळजळीत पुस्तिका लिहिली होती. 1946 मध्ये त्यांनाही पकडलं आणि थेट पोर्तुगालमधल्या किल्ल्यात नेऊन ठेवलं. हे सगळं त्या मुलाच्या आजूबाजूला चाललं होतं. वर्षभरात तो लिस्बनच्या बोटीत बसला.

लिस्बनमध्ये साम्राज्यभरच्या विद्यार्थ्यांसाठी सरकारने एक केंद्र काढलं होतं. हेतू असा की अंगोला, गिनी, मोझांबिक, गोवा इथली हुशार मुलं एकत्र येऊन चांगली पोर्तुगीज होतील. एकत्र आली ती खरी. आमिल्कार काब्राल आणि आगुश्तिन्यु नेतु, म्हणजे पुढे गिनी-बिसाव आणि अंगोलाच्या मुक्तिसंग्रामांचं नेतृत्व करणारी माणसं, त्याच कोंडाळ्यातली. शेवटी 1965 मध्ये सरकारनेच ते केंद्र बंद केलं. ओर्लांदो या मुलांमध्ये मिसळला. 1950 च्या दशकाच्या सुरुवातीला गुप्त पोलिसांनी त्याला एकाहून अधिक वेळा तुरुंगात टाकलं. पुढे तो कम्युनिस्ट पक्षात गेला आणि शेवटपर्यंत त्यातच राहिला. कवी होता, पोटासाठी जाहिरातीच्या व्यवसायात काम करत होता.

'तुरुंग' हा शब्द आत्ता लिहिताना हात क्षणभर थांबला. हा शब्दही आपल्याकडे पोर्तुगीजांकडूनच आला असं मानतात. पगार त्यांचा, चावी त्यांची, साबण, बटाटा, पाव, बादली, लिलाव, सगळं त्यांचं. ज्यांना 1739 मध्ये चिमाजी अप्पांनी वसईतून हुसकावलं, त्यांचे शब्द मराठीने स्वयंपाकघरात ठेवून घेतले आणि कधी परत केले नाहीत. कुणाला ते परके वाटत नाहीत. वाटावेत असंही माझं म्हणणं नाही. मात्र भाषा हे जितक्या सहज करते, तितक्या सहज माणसाला करता येत नाही. शब्दाला आई-बाप विचारत नाहीत, माणसाला रोज विचारतात.

आणि लेखकाला तर लिहितानाच विचारतात. या कादंबरीतले कुणबी कोकणीशिवाय काही बोलत नाहीत. लेखक त्यांना पोर्तुगीजमध्ये बोलवतो. ज्यांच्याबद्दल लिहिलं त्यातल्या एकालाही ते वाचता येणार नव्हतं. 1684 मध्ये पोर्तुगीज व्हाइसरॉयने कोकणीवर बंदी घालणारा हुकूम काढला होता. तीन वर्षांत सगळ्यांनी पोर्तुगीज बोलावं, असा. तीनशे वर्षांतही ते झालं नाही, पण ज्या थरात झालं त्या थरातल्या मुलाला आपल्या गावाची गोष्ट सांगायला ती एकच भाषा हाताशी उरली होती. त्याने मार्ग काढला तो असा की वाक्य पोर्तुगीज ठेवलं आणि त्यात जागोजागी तिथले शब्द तसेच रोवले. भाटकार, मुंडकार, कुणबी. पोर्तुगीज वाचकाला प्रत्येक वेळी ठेच लागावी असे. मी स्वतः कादंबरी वाचली ती इंग्रजी भाषांतरातून. आजोळच्या शेजारच्या गोव्यातल्या माणसांची गोष्ट, एका राज्यकर्त्याच्या भाषेत लिहिलेली, दुसऱ्या राज्यकर्त्याच्या भाषेतून माझ्यापर्यंत पोचलेली. भाषांतरात 'मुंडकार' आलं की मला घरचं कुणीतरी दिसल्यासारखं होई आणि पुढच्या ओळीत ते पुन्हा गर्दीत जाई.

कादंबरी आली 1961 मध्ये. त्याच साली, जुलैमध्ये, लिस्बनमध्ये त्याला मुलगा झाला, अंतोनियो. आणि त्याच डिसेंबरात भारतीय सेना गोव्यात शिरली, एकोणिसाव्या तारखेला पोर्तुगीज गव्हर्नरने शरणागती पत्करली आणि 451 वर्षांचं राज्य दोन दिवसांत संपलं. एकाच वर्षात या माणसाचं पुस्तक, मूल आणि गाव, तिघांचंही पुढचं आयुष्य ठरलं. पुस्तकाला लिस्बनच्या विज्ञान अकादमीचा पुरस्कार मिळाला. ज्या देशाने लेखकाला तुरुंगात घातलं त्याच देशाच्या अकादमीचा. गाव मुक्त झालं, आणि त्या गावातून त्याच्या भाषेचा वाचकही हळूहळू निघून गेला.

आपल्या शाळेत गोवा मुक्तीचा धडा असे. त्यात सत्याग्रही होते, पत्रादेवीला 15 ऑगस्ट 1955 ला झालेला गोळीबार होता, मोहन रानडे होते, ज्यांना गोवा सुटल्यानंतरही 1969 पर्यंत पोर्तुगीजांच्या कैदेत राहावं लागलं. त्या धड्यातला एकही शब्द मला कमी करायचा नाही. पत्रादेवी आमच्या बांद्याच्या उंबऱ्यावर आहे, त्या दिवशीच्या गोळ्यांबद्दल घरात हलक्या आवाजात बोलत. पण धडा एकोणीस डिसेंबरला संपत असे. ज्यांचं घर दोन्हीकडे होतं त्यांचा एकोणीस डिसेंबर कसा गेला असेल, हे त्यात नव्हतं. ओर्लांदो द कोस्टाने ते एका नाटकात लिहिलं, 1971 मध्ये. पोर्तुगीज राज्याच्या शेवटच्या तासांतलं एक गोमंतकीय घर. नाव काहीसं 'ना फुलं, ना पुष्पचक्रं' असं. साम्राज्याच्या मयताला कुणी फूल वाहायचं नाही, हे त्याला मान्य होतं. घरातलं कुणीतरी रडत होतं, तेही त्याला दिसत होतं.

गोव्यावर मोठी कादंबरी पुन्हा लिहायला त्याने 2000 साल उजाडू दिलं. या वेळी नायक कुणबी नव्हता. पोर्तुगीज राज्याच्या शेवटच्या दशकांत वाढणारा मानू मिरांदा नावाचा कॅथलिक घरातला मुलगा होता. म्हणजे बराचसा तो स्वतःच. वयाच्या तिशीत त्याने खालच्या पायरीचं लिहिलं आणि सत्तरीत आपल्या पायरीचं. बहुतेक लेखक उलट करतात, आधी आपलं घर, मग जग. मला वाटतं, आपल्या घराकडे प्रेमाने बघायची मुभा त्याने स्वतःला आधी दिली नाही. जिवंत असताना त्या घराने काय केलं ते आधी सांगून झालं, घर पडल्यानंतरच त्याच्या खिडक्या, त्याचे पलंग, त्याची दुपारची झोप आठवायची. 2006 मध्ये तो लिस्बनमध्ये वारला.

मुलाला घरात 'बाबुश' म्हणत. आपल्या 'बाळा'सारखा, गोव्यात कुठल्याही गल्लीत ऐकू येणारा शब्द. 2017 च्या जानेवारीत तो बाबुश पोर्तुगालचा पंतप्रधान म्हणून भारतात आला, मडगावच्या जुन्या घरी जाऊन आला आणि त्याला आपल्या पंतप्रधानांनी परदेशस्थ भारतीय नागरिकत्वाचं कार्ड दिलं. माझ्या मामेभावाकडे आता नेमकं तेच कार्ड आहे. पोर्तुगालचा पासपोर्ट घेतला की भारताचा सोडावा लागतो, आपल्याकडे दुहेरी नागरिकत्व नाही. मग हे कार्ड मिळतं. एकजण गोव्याहून गेलेल्याचा मुलगा म्हणून तिथल्या पंतप्रधानाच्या खुर्चीत बसून ते स्वीकारतो, दुसरा पेडण्याच्या आजीच्या कागदावर तिथे जाऊन ते खिशात ठेवतो.

मामेभाऊ गेला तेव्हा मामाच्या घरात वाद झाला. ज्यांच्या गोळ्या पत्रादेवीला चालल्या त्यांचं नागरिकत्व घेतोस, असं मोठा मामा म्हणाला. मामेभाऊ म्हणाला, साडेचारशे वर्षं आपल्याकडून घेतलं, आता मी थोडं परत आणतो. दोघंही मनापासून बोलत होते आणि दोघांचंही मला पटत होतं. आजी ऐकत होती. तिला काहीच वाटत नसावं असं तेव्हा वाटलं. आता वाटतं, तिच्यापुरता हिशेब वेगळा होता. एका सरकारने तिला तिचं नाव चुकीचं लिहून दिलं, दुसऱ्या सरकारच्या कुंपणाने तिला बापाचं तोंड बघू दिलं नाही. सही करून एखाद्याचं भलं होत असेल तर तिने का करू नये? सही तिने देवनागरीत केली. एक्सच्या जागी स्वच्छ, गोल, दुसरीपर्यंत शिकलेल्या बाईचा श.

आजी जाऊन आता काही वर्षं झाली. मामेभाऊ लिस्बनमध्ये असतो, पोर्तुगीज बऱ्यापैकी बोलतो. गेल्या पावसाळ्यात मी त्याला सांगितलं, 'ओ सिग्नु द इरा' मूळ भाषेत कुठे मिळाली तर बघ. जुन्या पुस्तकांच्या दुकानात त्याला मिळाली. रविवारी त्याचा फोन आला. म्हणाला, कठीण आहे गं, वाक्यं लांबलांब आहेत, शब्दकोश घेऊन बसावं लागतं. मी म्हटलं, अर्थ सांगू नकोस, नुसतं वाच, कुठलंही पान.

त्याने मधलंच एक पान उघडलं आणि वाचायला लागला. सुरुवातीला अडखळत, मग जरा लय सापडली. पलीकडे ट्रामची घंटा वाजत होती, इकडे पत्र्यावर पाऊस. मला एक अक्षर कळत नव्हतं. घोगऱ्या, नाकातल्या स्वरांचा एक लांब प्रवाह. आणि मग त्यातून एकदम 'मुंडकार' आला. मग पुन्हा काहीच नाही. मग 'भाटकार'.

"थांब," मी म्हटलं. "तो शब्द पुन्हा वाच."

त्याने वाचला. पोर्तुगीज वळणाने, र थोडा घशातून काढून.

"असा नाही," मी म्हटलं, "आजी म्हणायची तसा."